जैसे थे

स्मरणिकेसाठी शाळेची एखादी आठवण लिहून पाठवावी, असे संपादक मंडळाचे पत्र आले, तेव्हा वसतिगृहातील भाकरी, पहाटेची वंदना किंवा विहिरीवरची आंघोळ यांपैकी एखाद्या विषयावर लिहिण्याचे मनात होते. कागद पुढे घेतल्यावर मात्र आठवले ते वेगळेच. बत्तीस वर्षे मी न्यायालयीन लिपिक म्हणून काढली. या काळात मला सर्वांत जास्त छळले ते दोन शब्दांनी, आणि त्या शब्दांचा धागा थेट आपल्या शाळेपर्यंत जातो. म्हणून हे लिहीत आहे. थोडे लांबले तर संपादकांनी क्षमा करावी.

आपल्या शाळेच्या पटांगणातून जोतिबाचा डोंगर दिसतो, हे माजी विद्यार्थ्यांना सांगायला नको. ज्या वर्षी चैत्र पौर्णिमा आणि १४ एप्रिल हे दिवस जवळजवळ येत, त्या वर्षी आमची मोठी गंमत होई. सगळी दुनिया सासनकाठ्या नाचवत, गुलाल उधळत डोंगराकडे निघालेली असे आणि आम्ही साठ-सत्तर मुले पांढरे सदरे घालून उलट दिशेने कोल्हापूरकडे. केर्लीच्या फाट्यावर आमची गाडी हमखास अडे. यात्रेकरूंचा गुलाल खिडकीतून आत येई आणि बिंदू चौकात उतरेपर्यंत आमचे सदरे गुलाबी झालेले असत. एकदा एक मुलगा घाबरून सदरा झटकू लागला, तेव्हा वसतिगृहाचे गुरुजी म्हणाले, “राहू दे रे, गुलालच आहे.” माझी आजी शेवटपर्यंत डोंगरावर जात असे, आबांनी म्हणजे माझ्या वडिलांनी नागपूरहून आलेल्या भिक्खूंकडून दीक्षा घेतल्यानंतरही जात असे. घरात त्यावरून कधी भांडण झाल्याचे मला आठवत नाही.

बिंदू चौकात महात्मा फुले आणि बाबासाहेब यांचे अर्धपुतळे आहेत. ९ डिसेंबर १९५० रोजी, भाई माधवराव बागल यांच्या पुढाकाराने ते बसविले गेले. त्या वेळी बाबासाहेब हयात होते, देशाचे कायदेमंत्री होते. राज्यघटना अमलात येऊन वर्षही पुरे झाले नव्हते. गुरुजी पुष्पहार घालून झाल्यावर आम्हाला लगेच गाडीत बसवीत नसत. “पुतळा पाहिलात, आता भोवती काय आहे ते पाहा,” असे म्हणत आणि वहीत लिहून काढायला लावीत. आम्ही लिहायचो: तुरुंगाची भिंत, तटाचा बुरूज, रिक्षा, भाजीवाल्या, चहाचे गाडे. तुरुंगाच्या शेजारी पुतळा का, असे एकाने विचारले होते. गुरुजींनी उत्तर दिले नाही. ते बहुधा उत्तर देतच नसत, आणि तेव्हा आम्हाला त्याचा राग येई.

याच शहरात शिवाजी चौकात पूर्वी मुंबई इलाख्याचे गव्हर्नर लेस्ली विल्सन यांचा पुतळा होता. १९४२ च्या आंदोलनात दोन स्त्रियांनी त्यावर अ‍ॅसिड ओतून तो विद्रूप केला, पुढे तो फोडला गेला आणि १९४५ साली त्या जागी शिवाजी महाराजांचा पुतळा उभा राहिला. गुरुजी हा प्रसंग फार रंगवून सांगत. कोल्हापुरात वाढलेल्या माणसाला पुतळा ही कायमची वस्तू आहे असे वाटत नाही, त्याचे एक कारण हे असावे.

आता आबांविषयी.

आमची जमीन डोंगराजवळ नव्हती. आबांच्या आजोळकडून आलेला बावीस गुंठ्यांचा तुकडा दुसऱ्या तालुक्यात होता. मूळ महारकीच्या वतनाची जमीन. शेजाऱ्याने बांध कोरत कोरत तीन-साडेतीन गुंठे आपल्याकडे ओढले. आबांनी दावा लावला. त्या न्यायालयाचे नाव मी येथे लिहीत नाही. ज्या खात्याने मला भाकरी दिली त्याच्याविषयी तक्रार करण्याचा हा प्रसंग नव्हे. तारखेला जाताना कोल्हापूरला एस.टी. बदलावी लागे. आबा स्थानकावर थांबत नसत; चालत बिंदू चौकात येत, चपला काढून दोन मिनिटे उभे राहत आणि मग पुढची गाडी धरीत. यामुळे दोनदा त्यांची गाडी चुकली आणि एकदा पुकाराच्या वेळी ते हजर नव्हते. आई त्यांच्यावर चिडली. आबा म्हणाले, “तितं कोन बसलंय ते मला ठावं न्हाई. हितं कोन बसलंय ते ठावं हाय.”

दाव्यात पहिला हुकूम झाला तो ‘जैसे थे’चा. निकाल लागेपर्यंत वादातल्या पट्ट्यात कोणीही नांगर घालू नये, कोणीही काही पेरू नये. आबांना न्यायालयाच्या भाषेतले हे दोनच शब्द पाठ झाले. मी तेव्हा नुकताच नोकरीला लागलो होतो आणि नव्या नोकरदाराला असतो तेवढा कायद्याचा अभिमान मला होता. आबांना मी बजावून सांगितले की, हुकूम पाळायचा, एक तासही चुकायचे नाही. आबांनी तो पट्टा पडीक ठेवला. पहिल्या वर्षी शेजाऱ्यानेही ठेवला. दुसऱ्या वर्षी त्याने भुईमूग केला, तिसऱ्या वर्षी ऊस लावला. हुकूम मोडल्याचा अर्ज आम्ही दिला. त्या अर्जालाही तारखा पडू लागल्या.

एका पावसाळ्यात आबा बांधावर उभे होते. आमच्या बाजूला गुडघाभर कुसळी गवत, पलीकडे शेजाऱ्याचा ऊस. त्यांनी मला विचारले, “काय रं, कोर्टाचा शबुद आपुनच पाळायचा व्हय?”

मी त्यांना महाडची गोष्ट सांगितली. ती मी शाळेतच शिकलो होतो. २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांनी चवदार तळ्याचे पाणी प्राशन केले. त्याच वर्षी डिसेंबरच्या अखेरीस पुन्हा महाडला सत्याग्रह ठरला. तो होऊ नये म्हणून विरोधकांनी १२ डिसेंबरला महाडच्या दिवाणी न्यायालयात दावा लावला आणि १४ डिसेंबरला तात्पुरता मनाई हुकूम मिळविला. तळे खासगी मालकीचे आहे, असे त्यांचे म्हणणे. परिषदेला गावोगावची माणसे पायी चालत आलेली. मंडपाला जागा मिळेना, ती फत्तेखान नावाच्या मुसलमान गृहस्थाने दिली. २५ डिसेंबरच्या रात्री मनुस्मृतीचे दहन झाले. ठराव मांडला होता गंगाधर नीळकंठ सहस्रबुद्धे यांनी, जे जन्माने ब्राह्मण होते. त्यानंतर प्रश्न उरला तळ्याचा. लोक तुरुंगात जायला तयार होते. बाबासाहेबांनी त्यांची समजूत घातली. न्यायालयाचा हुकूम मोडायचा नाही, असे ठरले. मिरवणूक निघाली, तळ्याला वळसा घालून परत आली आणि पाण्याला कोणी शिवले नाही. पाण्याच्या इतक्या जवळून हजारो माणसे तशीच परतली, हे चित्र माझ्या डोळ्यांपुढून कधीच हलले नाही. दाव्याचा अखेरचा निकाल मुंबई उच्च न्यायालयाने १७ मार्च १९३७ रोजी दिला. दहा वर्षांनी, पण आपल्या बाजूने.

आबांनी सगळे ऐकून घेतले. “धा वर्सं,” एवढेच म्हणाले आणि गवत उपटू लागले. मग त्यांच्या लक्षात आले की पट्ट्यातले गवत उपटणे हेही हुकूम मोडणेच होईल की काय, आणि त्यांनी मला तसे विचारले. मी म्हणालो, “आबा, गवत उपटायला हरकत नाही.” खरे सांगायचे तर त्या वेळी मलाही खात्री नव्हती.

आबा २००६ साली गेले. दावा तसाच होता.

२०११ च्या हिवाळ्यात मी आणि माझी पत्नी एका सहलीबरोबर राजस्थानला गेलो. जयपूरला हवामहाल, आमेर वगैरे झाल्यावर अर्धा दिवस मोकळा होता. मी म्हणालो, उच्च न्यायालय पाहून येऊ. पत्नी हसली. “लोक जयपूरला येऊन रजया घेतात, तुम्ही कोर्ट बघा.” पण आली. बाहेर चौकात बाबासाहेबांचा पुतळा आहे. तेथे आम्ही हात जोडले. आणि आत, न्यायालयाच्या आवारातील हिरवळीवर, चौथऱ्यावर, मनू उभा आहे.

तो तेथे आहे हे मी वाचलेले होते. वाचणे आणि पाहणे यांत फरक पडतो, तो किती पडतो ते मला त्या दिवशी कळले. गुरुजींच्या सवयीप्रमाणे मी भोवती काय आहे ते पाहू लागलो. काळे कोट घातलेले वकील, फायलींचे गठ्ठे, बाकावर बसलेली खेड्यातली माणसे. एक म्हातारा पागोटे मांडीवर ठेवून कागदाची पुरचुंडी उलगडत होता. त्याची बसण्याची तऱ्हा थेट आबांसारखी होती. त्याला तो पुतळा कोणाचा हे ठाऊक होते की नाही, कोण जाणे. ठाऊक नसेल तर बरे, असे मला वाटले, आणि लगेच असे वाटल्याची लाज वाटली.

हा पुतळा १९८९ साली बसविला गेला. म्हणजे मनुस्मृती जाळल्याला बासष्ट वर्षे झाल्यानंतर आणि राज्यघटना लागू होऊन एकोणचाळीस वर्षे झाल्यानंतर. न्यायिक अधिकाऱ्यांच्या संघटनेने त्यासाठी पुढाकार घेतला होता. विरोध झाला, आणि ही गोष्ट सांगायला हवी, की स्वतः उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींनीच एकत्र बसून पुतळा हटविण्याचा निर्णय त्याच वर्षी घेतला. त्या निर्णयाविरुद्ध याचिका दाखल झाली. याचिकेवर स्थगिती मिळाली. तेव्हापासून पुतळा जागच्या जागी आहे. महाराष्ट्रातून बाबा आढाव यांच्यासारख्यांनी त्याविरुद्ध आंदोलने केली, कांशीराम यांनी केली. पुतळा हलला नाही.

मी लिपिक आहे. स्थगिती म्हणजे काय, हे मला पुस्तकातून शिकावे लागले नाही; त्या आदेशांच्या नकला मी आयुष्यभर टंकलिखित केल्या. स्थगिती म्हणजे निकाल नव्हे, असे आम्ही पक्षकारांना सांगतो. त्याने हक्क ठरत नाही, फक्त आहे ते आहे तसे राहते. त्या हिरवळीसमोर उभा असताना हे माझेच वाक्य मला पोकळ वाटले. महाडला ‘जैसे थे’ म्हणजे पाणी न पिणे. जयपूरला ‘जैसे थे’ म्हणजे मनू उभा असणे. आमच्या शेतात ‘जैसे थे’ म्हणजे आमच्या बाजूला गवत आणि पलीकडे ऊस. आहे ते कोणाचे आहे, हे आधीच ठरलेले असते. हुकूम त्यावर फक्त तारीख टाकतो. बत्तीस वर्षांच्या नोकरीतला हा माझा एकच शोध, आणि तो आबांना बांधावर उभे असताना एका प्रश्नात लागला होता.

परतताना पत्नीने विचारले, “बाबासाहेबांनी हुकूम पाळला नसता तर?” मी म्हणालो, लोकांवर गोळीबार झाला असता. ती म्हणाली, “ते नाही विचारत मी. ज्यांनी पाळला त्यांना दहा वर्षांत पाणी मिळालं. इथे बावीस वर्षं झालीत.” मला उत्तर सुचले नाही.

आपल्या शाळेचा, माझ्याच तुकडीतला एक मित्र अमेरिकेत नॉर्थ कॅरोलायना राज्यात मुलाकडे राहतो. २०१७ च्या ऑगस्टमध्ये त्याने मला एक छायाचित्र पाठविले. डरहॅम गावच्या जुन्या न्यायालयासमोर एका सैनिकाचा पुतळा होता. अमेरिकेत १८६१ ते १८६५ या काळात यादवी युद्ध झाले. दक्षिणेकडील राज्ये गुलामगिरी टिकावी म्हणून फुटून निघाली आणि हरली. हा पुतळा त्या हरलेल्या बाजूच्या सैनिकांचा गौरव करणारा. मला वाटले, युद्धात मुले गमावलेल्या आयांनी तो उभारला असेल. मित्राने कळविले की तो १९२४ सालचा आहे. युद्ध संपून जवळजवळ साठ वर्षे झाल्यानंतरचा, ज्या काळात दक्षिणेत काळ्या माणसांना मत देऊ दिले जात नव्हते आणि रेल्वेत वेगळ्या डब्यात बसावे लागत होते त्या काळातला. असे पुतळे तेथे गावोगाव न्यायालयांच्या दारांत आहेत. गुलामांचे नातू-पणतू खटल्यासाठी त्यांच्याच शेजारून आत जात.

२०१५ साली त्या राज्याने कायदाच केला, की असे स्मारक स्थानिक संस्थांना आपल्या अधिकारात हटविता येणार नाही. तेथलेही ‘जैसे थे’. १४ ऑगस्ट २०१७ रोजी जमावाने पुतळ्याला पट्टा बांधून तो खाली ओढला. आतून पोकळ होता, पडताच चुरगळून गेला. मित्राच्या छायाचित्रात तो एखाद्या पत्र्याच्या डब्यासारखा दुमडलेला दिसतो. मित्राला आनंद झाला होता. मलाही झाला, हे लपवीत नाही. पण लिपिकाची सवय जात नाही. मी त्याला विचारले, पाडणाऱ्यांवर खटले झाले का? झाले, आणि पुढे त्यांत कोणीही दोषी ठरले नाही.

त्यानंतर वर्षभराने, ऑक्टोबर २०१८ मध्ये, औरंगाबादच्या दोन महिला जयपूरला गेल्या आणि त्यांनी उच्च न्यायालयाच्या आवारातील त्या पुतळ्याला काळे फासले. त्यांना अटक झाली. बातमी वाचली तेव्हा मी निवृत्त झालो होतो. न्यायालयाच्या आवारात कायदा हातात घेऊ नये, असे मी पत्नीला म्हणालो. ती म्हणाली, “आणि विल्सनच्या पुतळ्याचं तुमचे गुरुजी सांगायचे ते?” तो परकीयांचा काळ होता, आता राज्यघटना आहे, दाद मागायला जागा आहे, असे मी म्हणालो. माझे म्हणणे आजही तेच आहे. पण ते म्हणताना माझा आवाज जरा चढला होता, हे तिने मला नंतर दाखवून दिले. तिला त्या बायकांच्या प्रवासाची काळजी वाटत होती. एवढ्या लांब कशा गेल्या असतील, जामिनाला कोण उभे राहिले असेल, असे ती दोन दिवस म्हणत होती. मला हे सुचलेही नव्हते.

२६ नोव्हेंबर २०२३ रोजी दिल्लीला सर्वोच्च न्यायालयाच्या आवारात बाबासाहेबांचा पूर्णाकृती पुतळा बसला, वकिलाच्या वेशातला. राष्ट्रपती द्रौपदी मुर्मू यांच्या हस्ते अनावरण झाले. ते दूरदर्शनवर पाहताना आबांची फार आठवण झाली. त्यांना स्थानकापासून पायपीट करावी लागली नसती. जेथे दाद मागायची तेथेच ओळखीचे माणूस उभे. अर्थात, दिल्लीपर्यंत जाणार कोण, तो प्रश्न वेगळा.

आणि गेल्या वर्षी, म्हणजे १७ ऑगस्ट २०२५ रोजी, कोल्हापुरात मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांच्या लोकांना आता मुंबईची वारी करावी लागणार नाही. वकिलांनी आणि जनतेने त्यासाठी कित्येक वर्षे आंदोलन केले होते. उद्घाटन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या हस्ते झाले. ज्या संस्थानात शाहू महाराजांनी अस्पृश्यांना वकिलीच्या सनदा दिल्या, त्या गावात एका बौद्ध घरातील सरन्यायाधीशांनी न्यायालय उघडावे, हा योग माझ्या पिढीला पाहायला मिळाला. काही दिवसांनी मी नातवाला घेऊन सीपीआर रुग्णालयासमोरच्या त्या जुन्या इमारतीकडे गेलो. आत जाण्याचे काही काम नव्हते. रस्त्याच्या कडेला उभे राहून आम्ही पाहिले. मी त्याला म्हणालो, “भोवती काय काय आहे ते सांग.” त्याने रुग्णालय सांगितले, पोलिसांची गाडी सांगितली, झेरॉक्सची दुकाने सांगितली. मग म्हणाला, “आजोबा, लोक खूप वेळ नुसते उभे आहेत.”

तेथून आम्ही चालत बिंदू चौकात आलो. चपला काढल्या. नातवाने तुरुंगाच्या भिंतीकडे बोट दाखवून तेच विचारले, जे आमच्या तुकडीतल्या मुलाने विचारले होते. मीही उत्तर दिले नाही. मला ते येत नव्हते. गुरुजींनाही येत नसावे, असे आता वाटते.

आमच्या दाव्याचे काय झाले, असे वाचक विचारतील. खालच्या न्यायालयात आम्ही जिंकलो, आबा गेल्यानंतर आठ वर्षांनी. शेजाऱ्याच्या मुलांनी अपील केले. अपिलात पुन्हा ‘जैसे थे’चा हुकूम आहे. धाकटा भाऊ शेती पाहतो. त्याने परवा फोन करून विचारले, “दादा, पट्ट्यातलं गवत फार माजलंय, काढू का?” मी म्हणालो, “काढ. गवत काढायला हरकत नाही.” पुढची तारीख मी भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहून ठेवली आहे.